बुरशीचं कोडिंग करताय? मग या चुका टाळा

मेडिकल कोडिंग म्हणजे डॉक्टरने लिहिलेल्या निदानाला आयसीडी-१० या आजारांच्या यादीतला कोड लावणं, बिलासाठी आणि विम्याच्या क्लेमसाठी. कोडरनी लावलेले असे कोड मी तपासते. ऑडिटला बसले की पहिल्या दहा चार्टमध्ये (पेशंटच्या नोंदींमध्ये) एक तरी बी४९ निघतोच. बी४९ म्हणजे बुरशी आहे, पण कुठली आणि कुठे ते देव जाणे. फ्रेशर मंडळींचा हा लाडका कोड, कारण सर्चमध्ये 'फंगल इन्फेक्शन' टाकलं की हाच आधी समोर येतो. अहो, कोडबुकाच्या इंडेक्समध्ये त्याच नोंदीखाली जरा आत सरकवलेल्या ओळी आहेत, त्या कोण वाचणार? पाऊल बी३५.३, जांघ बी३५.६, हात बी३५.२, नख बी३५.१, टाळू बी३५.०. डॉक्टरने 'फंगल इन्फेक्शन, ग्रॉइन' असं स्वच्छ लिहिलेलं असताना बी४९ लावला, तर मी एरर देते आणि त्यावर वाद घालत नाही.

आता माझं खरं दुखणं. आउटपेशंट नोटमध्ये, म्हणजे दाखल न झालेल्या पेशंटच्या, 'रूल आउट', 'सस्पेक्टेड', 'प्रॉबेबल' असं काही संशयाचं लिहिलेलं असेल, तर ते निदान कोड करायचं नाही. जे लक्षण दिसतंय तेच कोड करायचं. हा नियम प्रत्येक क्लासमध्ये पहिल्याच महिन्यात शिकवतात आणि टार्गेट अंगावर आलं की पहिल्यांदा हाच विसरला जातो.

माझ्या टीममध्ये एक मुलगा होता. बी.फार्म, हुशार, हात विजेसारखा. अमेरिकेतल्या एका पायाच्या दवाखान्याचे चार्ट त्याच्याकडे होते. नोटमध्ये लिहिलेलं: नख जाड व वेडंवाकडं, रूल आउट ऑनिकोमायकोसिस (नखाची बुरशी), नखाचा तुकडा पीएएस स्टेनला (बुरशी शोधायची लॅब तपासणी) पाठवला. यानं बी३५.१ ठोकला, तोही एकोणीस चार्टना. विचारलं तर म्हणे, "मॅडम, पिवळं जाड नख म्हणजे बुरशीच की." अरे बाबा, तू डॉक्टर आहेस का? बऱ्याच जणांचे रिपोर्ट निगेटिव्ह आले. एका पेशंटने थेट दवाखान्यात फोन करून विचारलं, बुरशी नाही म्हणता, मग बिलावर कशी? रात्री अडीचला क्लायंटचा कॉल. एकोणीस क्लेम दुरुस्त करून परत पाठवले, एल६०.३ लावून, म्हणजे नुसतं नखाचं विद्रूपण. कोडिंगच्या वेळी पॅथॉलॉजिस्टचा फायनल रिपोर्ट हातात असता आणि त्यात बुरशी लिहिलेली असती, तर बी३५.१ चाललाच असता. पण एवढं थांबायला वेळ कुणाला आहे! तेव्हापासून मी असेसमेंटमध्ये, म्हणजे नोटमधल्या निदानाच्या भागात, आधी निदानाला चिकटलेलं 'रूल आउट'सारखं शेपूट वाचते, निदान नंतर.

इनपेशंटला, म्हणजे दाखल पेशंटला, मात्र उलटं. डिस्चार्जच्या वेळीही 'प्रॉबेबल'च राहिलं असेल, तर हॉस्पिटलच्या कोडिंगमध्ये ते पक्कं धरतात. दोन्हीकडे काम करणाऱ्यांची इथेच गल्लत होते.

दुसरा किस्सा आपल्याकडचा. २०२१चा मे महिना, मी तेव्हा एका हॉस्पिटलच्या इन्शुरन्स डेस्कवर होते. वॉर्ड म्युकरच्या (म्युकरमायकोसिस या बुरशीच्या आजाराच्या) पेशंटनी भरलेले, पेपरात 'ब्लॅक फंगस'. नव्या मुलीने क्लेम फॉर्मवर तोच शब्द धरून कोड शोधला आणि लिहिला बी३६.३. तो आहे ब्लॅक पिएड्रा, म्हणजे केसांवर काळ्या गाठी येतात तो आजार! टीपीएची, म्हणजे विमा कंपनीसाठी क्लेम तपासणाऱ्या संस्थेची, क्वेरी आली: केसांच्या तक्रारीसाठी लायपोसोमल अ‍ॅम्फोटेरिसिन (बुरशीवरचं इंजेक्शन) आणि सायनसची सर्जरी कशासाठी? घरचे बिचारे काउंटरवर ताटकळत उभे. डिस्चार्ज समरीवर 'रायनो-सेरेब्रल म्युकरमायकोसिस' ढळढळीत लिहिलेलं होतं. कोड बी४६.१. मुळात म्युकरची बुरशी काळी नसतेच, काळं पडतं ते मेलेलं मांस. बोलीतल्या नावावरून कोड शोधू नका. उद्या कुणी गजकर्णाला खरूज म्हणेल आणि तुम्ही बी८६ लावून मोकळे व्हाल.

बाकीच्या चुका पटापट सांगते.

योनीमार्गातल्या कॅन्डिडाला (ही यीस्ट प्रकारची बुरशी) बी३७.३ एवढाच लिहिलात, तर अमेरिकेचा क्लेम परत येणार. १ ऑक्टोबर २०२२ पासून तिथे बी३७.३१ आणि बी३७.३२ आहेत, अ‍ॅक्यूट आणि क्रॉनिक.

डॉक्टरने कॅन्डिडाचं यूटीआय (मूत्रमार्गाचा संसर्ग) लिहिलं असेल, तर एन३९.० हा यूटीआयचा साधा कोड लावून वर बी९६ शोधत बसू नका. बी९५ ते बी९७ बॅक्टेरिया आणि व्हायरससाठी आहेत, बुरशीसाठी नाहीत. कोड बी३७.४९.

आणि कल्चरमध्ये नुसता कॅन्डिडा दिसला, डॉक्टरने त्याबद्दल अवाक्षर लिहिलं नाही, तर काही कोड करायचं नाही. डॉक्टरला क्वेरी टाका, म्हणजे लेखी विचारा. उत्तर यायला दोन दिवस लागतात म्हणून कुरकुर करणारे माझ्याकडे टिकत नाहीत.

एचआयव्हीमुळे तोंडात थ्रश (कॅन्डिडाचा संसर्ग) झाला असेल, तर अमेरिकन पद्धतीत एचआयव्हीचा बी२० आधी, थ्रशचा बी३७.० नंतर.

ऑनिकोमायकोसिस बी३५.१, पण कॅन्डिडल ऑनिकिया (कॅन्डिडामुळे नखाला झालेला संसर्ग) बी३७.२. दोन्ही नखाचेच, म्हणून डोळे झाकून एकच लावणारे महाभाग मी पाहिलेत.

नवजात बाळाचा थ्रश पी३७.५. तिथे बी३७.० दिसला की मी आधी पेशंटचं वय बघते आणि मग कोडरचं नाव.