फ्री मेथडिस्टांचा इतिहास शोधायचाय? बाकांच्या भाड्यापासून सुरुवात करा

यवतमाळकडचे असाल आणि आपली फ्री मेथडिस्ट मंडळी मूळ मेथडिस्टांपासून (हा प्रोटेस्टंट ख्रिस्ती पंथ) का फुटली हे शोधायचं असेल, तर स्थापनेच्या तारखेपासून सुरू करू नका. २३ ऑगस्ट १८६०, पेकिन, न्यूयॉर्क राज्य, एवढं वहीत टिपा आणि तीन वर्षं मागे जा.

तिथे बाकांचं भाडं सापडेल. शहरातल्या मोठ्या चर्चला पैसा हवा म्हणून बाकं विकायची नाहीतर भाड्याने द्यायची, मग पैसेवाला पुढे आणि गरीब देवाच्या घरातसुद्धा मागच्या कोपऱ्यात. बी. टी. रॉबर्ट्स या पाळकाला हे बघवेना, त्याने १८५७ मध्ये 'न्यू स्कूल मेथडिझम' हा लेख लिहून आपल्याच जेनेसी कॉन्फरन्समधल्या (म्हणजे त्या भागातल्या मेथडिस्ट चर्चच्या विभागातल्या) पुढाऱ्यांना झोडपलं. झालं, लागली चौकशी!

आता इथे घाई नको. त्याला लगेच नाही काढला, आधी समज दिली, मग तोच लेख पत्रक म्हणून परत छापला गेला, छापणारा भलताच माणूस, तरी १८५८ मध्ये हकालपट्टी रॉबर्ट्सचीच. म्हणून वहीत दोन रकाने करा. एकात कागदावरचा आरोप, म्हणजे पत्रक. दुसऱ्यात खरं दुखणं, म्हणजे बाकं, गुलामगिरी, फ्रीमेसनसारख्या गुप्त संघटना. गुलामगिरीपाशी जरा थांबा, १८४४ ला मेथडिस्टांचे उत्तर-दक्षिण तुकडे झाले म्हणजे प्रश्न मिटला असं वाटतं, पण उत्तरेकडच्या चर्चमध्येही सीमेवरच्या राज्यांत गुलाम बाळगणारे सभासद होतेच.

पुढचं शोधताना नुसते गोडवे गाणारं वाचू नका. रॉबर्ट्सने १८९१ मध्ये बायकांना पाळकाची दीक्षा द्यावी म्हणून अख्खं पुस्तक लिहिलं आणि त्याच्याच चर्चने ते मान्य करायला १९७४ उजाडवलं, आता बोला. आणि जेनेसीवाल्यांनी त्याची काढून घेतलेली पाळकपदाची कागदपत्रं परत केली ती १९१० मध्ये, मुलाच्या हातात, कारण तो स्वतः १८९३ लाच गेलेला.

इकडचं शोधताना मुंबईच्या बोवेन चर्चवाल्या मेथडिस्टांशी गल्लत करू नका, ती मूळ मेथडिस्टांची फांदी. युनियन बिब्लिकल सेमिनरी, म्हणजे पाळक घडवणारी संस्था, १९८३ ला पुण्यात जायच्या आधी यवतमाळलाच होती, तेव्हा सेमिनरीच्या पुण्यातल्या लायब्ररीतही एकदा चौकशी करा, आणि जुन्या सभासदांना गाठून घरातली जुनी कागदं असतील तर फोटो काढून घ्या.