हॉर्निमन सर्कलवाल्या हॉर्निमनांचं आयुष्य शोधायचं कसं आणि लिहायचं कसं

जुन्या पत्रकाराचं चरित्र लिहायला घेतलं की पहिलीच अडचण ही येते की माणसानं आयुष्यभर रोज लिहिलंय पण त्याखाली नाव कुठेच नाही. अग्रलेखावर सही नसायची, बातमीवर तर नाहीच. पुढाऱ्याची भाषणं मिळतात, कवीच्या कविता मिळतात, संपादकाचं मात्र नुसतं पेपरचं नाव हाती लागतं. मी हा उद्योग बेंजामिन गाय हॉर्निमन यांच्या बाबतीत केलाय, म्हणजे फोर्टातलं हॉर्निमन सर्कल ज्यांच्या नावानं आहे ते. एक इंग्रज माणूस इथे येतो, आपल्या बाजूनं लिहितो, त्यापायी हद्दपार होतो, तरी परत येतो आणि शेवटपर्यंत पेपरच काढतो, आणि आपण त्या सर्कलला रोज वळसा घालून ऑफिसला जातो पण माणूस कोण ते माहीत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं. म्हणून जे जमलं ते सगळं सांगतो, कुणाला दुसऱ्या कुठल्या पत्रकारावर काम करायचं असेल तरी हीच वाट चालेल.

आधी एक वही घ्या आणि तारखांचा सांगाडा उभा करा. चार रकाने करा, वर्ष, गाव, पेपर, आणि चौथा रकाना "हे कुठून कळलं". चौथा रकाना रिकामा असेल तर ती ओळ पेन्सिलनं लिहा, शाईनं नको. हॉर्निमनांचा सांगाडा साधारण असा: १८७३ मध्ये इंग्लंडात ससेक्सला जन्म, वडील नौदलाच्या हिशेब खात्यात, शाळा पोर्ट्समथला, तिथल्याच पेपरात उमेदवारी, मग इंग्लंडातल्या मोठ्या दैनिकांत, त्यात मँचेस्टर गार्डियन पण आलं. १९०६ ला कलकत्त्याच्या स्टेट्समनमध्ये. १९१३ ला मुंबईत बॉम्बे क्रॉनिकलचे संपादक, हा पेपर फिरोजशहा मेहतांनी काढलेला. एप्रिल १९१९ ला हद्दपार. जानेवारी १९२६ ला परत. १९३३ पासून बॉम्बे सेंटिनेल हा संध्याकाळचा पेपर. १९४१ ला रुसी करंजियांनी ब्लिट्झ काढलं त्यातही त्यांचा हात होता. १९४८ ला निधन.

आता या सांगाड्यात जे भोक आहे तिकडे बघा, १९१९ ते १९२६. या काळात क्रॉनिकल चालूच होता पण हॉर्निमन मुंबईत नव्हते. १९२० ते १९२४ संपादक होते मार्मड्यूक पिकथॉल, तेही इंग्रजच, आणि त्यांच्यानंतर सय्यद अब्दुल्ला ब्रेलवी आले. म्हणजे १९२२ चा एखादा झकास इंग्रजी अग्रलेख वाचून "वा, काय हॉर्निमनांची लेखणी" असं लिहून मोकळे झालात तर फसलात. बिनसहीचा मजकूर कुणाच्या नावावर टाकायच्या आधी त्या दिवशी तो माणूस शहरात होता का हे सांगाड्यात बघायचं, एवढा एकच नियम पाळलात तरी निम्म्या चुका टळतात.

मग ऑनलाइन शोध. इथे दोन खड्डे आहेत. एक, लंडनमधले चहावाले हॉर्निमन, त्यांच्या नावाचं म्युझियम आहे, आणि त्याच घरातल्या नाटकवाल्या अॅनी हॉर्निमन, हे लोक सर्चमध्ये सतत आडवे येतात, त्यांचा आपल्या माणसाशी संबंध जोडायचा मोह आवरा. दुसरा खड्डा जास्त त्रासदायक आहे. जुने पेपर स्कॅन करून मशीननं वाचलेले असतात आणि जुन्या छपाईत इंग्रजी आर आणि एन ही अक्षरं इतकी चिकटून असतात की मशीन ती एम समजतं, मग हॉर्निमनचा होमिमन होतो. मला हे कळायला बरेच दिवस लागले. नाव टाकून काही आलं नाही म्हणजे मजकूर नाही असं नसतं, चुकीचं स्पेलिंग मुद्दाम टाकून बघायचं.

क्रॉनिकलचे अंक टाऊन हॉलमधल्या एशियाटिक सोसायटीकडे आहेत, त्यांच्या ग्रंथ संजीवनी पोर्टलवर आणि इंटरनेट आर्काइव्हवर स्कॅनही मिळतात. घरबसल्या काम होतं, पण एकदा तरी टाऊन हॉलच्या त्या पायऱ्या चढून जाच. समोर हॉर्निमन सर्कल, आधीचं एल्फिन्स्टन सर्कल, आणि ज्या इमारतीत तुम्ही बसलाय तिथेच डिसेंबर १९१८ मध्ये मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड विलिंग्डन यांच्या स्मारकाविरुद्ध तो मोठा गोंधळ झाला होता. जिना त्या विरोधाचे पुढारी, हॉर्निमन त्यांच्या गटात, पोलिसांनी लोकांना बाहेर काढलं. तेव्हा जिना क्रॉनिकलच्या संचालक मंडळाचे अध्यक्ष होते हे ध्यानात ठेवून तो आठवडा वाचा, पेपर आणि आंदोलन यांच्यामध्ये भिंत कशी नव्हतीच ते दिसतं.

पेपर वाचताना १९१३ च्या पहिल्या अंकापासून सुरुवात करू नका, दमून सोडून द्याल. तीन खिडक्या निवडा. डिसेंबर १९१८, मग मार्च-एप्रिल १९१९, मग जानेवारी १९२६. प्रत्येक खिडकीत सलग दोन-तीन आठवडे रोजचा अंक पूर्ण वाचायचा, जाहिराती, बोटींच्या वेळा, बाजारभाव सकट. कारण संपादकाचा स्वभाव फक्त अग्रलेखात नसतो, कुठली बातमी वर घेतली आणि कुठली आतल्या पानात ढकलली यातही असतो.

आता सगळ्यात महत्त्वाचं, माझ्या मते तरी. पत्रकाराबद्दल सगळ्यात बारीक नोंदी मित्र ठेवत नाहीत, त्याच्यावर चिडलेलं सरकार ठेवतं. काळा घोड्याला एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत महाराष्ट्राचं पुराभिलेखागार आहे, तिथे गृह खात्याच्या फाइली मागवा. दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागाराचं अभिलेख पटल पोर्टल आहे, तिथेही होम पोलिटिकलमध्ये, म्हणजे गृह खात्याच्या राजकीय फाइलींत शोधा. लंडनला कुणी नातेवाईक असेल तर ब्रिटिश लायब्ररीत इंडिया ऑफिस रेकॉर्ड्स आहेत, म्हणजे भारताचा कारभार बघणाऱ्या लंडनच्या खात्याचे कागद. आणि हॅन्सार्ड, म्हणजे ब्रिटिश पार्लमेंटच्या कामकाजाचा अहवाल, तो तर फुकट आहे. मे १९१९ मध्ये भारतमंत्री माँटेग्यूंनी कॉमन्समध्ये हॉर्निमनांवर आरोप केला की दिल्लीच्या रस्त्यांवर सैन्यानं मऊ टोकाच्या, म्हणजे अंगात पसरून जास्त जखम करणाऱ्या गोळ्या झाडल्या असं त्यांच्या पेपरनं छापलं. पुढची कित्येक वर्षं खासदार विचारतायत की या माणसाला भारतात जायला पासपोर्ट का देत नाही, आणि सरकार टोलवतंय. हे वाचताना सरकारी आरोप एका बाजूला आणि क्रॉनिकलचा तो मूळ अंक दुसऱ्या बाजूला असं ठेवा. फाइलीतलं वाक्य म्हणजे पुरावा नाही, ते सरकारचं म्हणणं आहे, आणि तसंच लिहायचं, "सरकारचं म्हणणं असं की".

दंतकथांचं काय करायचं? हॉर्निमनांबद्दल तुम्हाला हमखास ऐकायला मिळेल की जालियनवाला बागेची बातमी छापली म्हणून त्यांना हाकललं, आणि त्यांनी तिथले फोटो चोरून इंग्लंडला नेले. वहीतला सांगाडा काढा. बागेत गोळीबार १३ एप्रिल १९१९. लगेच पंजाबात मार्शल लॉ, बातम्यांवर कडक पहारा. हॉर्निमन बोटीवर चढवले गेले ते त्याच महिन्याच्या शेवटी, जेमतेम दोन आठवड्यांनी. आणि त्याआधीच रौलट कायद्याविरुद्धच्या सत्याग्रहात ते गांधीजींच्या सोबत उघडपणे होते, सरकारचा राग तिथून साठत आलेला. तेव्हा एका फोटोवर सगळी हद्दपारी टांगू नका. त्यांनी अमृतसरबद्दल जे केलं ते ठामपणे दाखवता येतं: लंडनला गेल्यावर गप्प बसले नाहीत, १९२० मध्ये "अमृतसर अँड अवर ड्यूटी टू इंडिया" हे पुस्तक लिहून तिथल्या वाचकापुढे सगळं मांडलं. हे दंतकथेपेक्षा मोठं आहे असं मला वाटतं, परक्या देशातला अन्याय आपल्याच लोकांना त्यांच्याच भाषेत सुनावणं सोपं नव्हतं.

गांधीजींचं साहित्य ऑनलाइन आहे, तेही वाचा. त्यांच्या आत्मकथेत हॉर्निमनांच्या हद्दपारीचा उल्लेख येतो, क्रॉनिकल काही काळ बंद पडला आणि त्यातून यंग इंडिया गांधीजींच्या हातात कसा आला तेही. एका संपादकाला उचललं आणि त्याचा परिणाम दुसऱ्या पेपरवर झाला, असे धागे चरित्रात फार कामाचे असतात.

मराठी बाजू विसरू नका. केसरीचे त्या दिवसांतले अंक बघा पण इथेही तोच सापळा, एप्रिल १९१९ ला टिळक चिरोलविरुद्धच्या बदनामीच्या खटल्यासाठी गेलेले ते अजून विलायतेतच होते, म्हणजे त्या महिन्याचे अग्रलेख टिळकांचे समजू नका. गंमत बघा, चिरोल हाही ब्रिटिश पत्रकारच, टाइम्सचा. एका इंग्रज पत्रकाराविरुद्ध लोकमान्य लंडनच्या कोर्टात उभे राहिले आणि त्याच वर्षी दुसऱ्या इंग्रज पत्रकाराला मुंबईतून हाकललं म्हणून लोक हळहळले. यावर स्वतंत्र प्रकरण होऊ शकतं. आणि मुंबई सरकार दर आठवड्याला देशी पेपरांतल्या मजकुराचा इंग्रजी गोषवारा काढायचं, ते अहवाल मिळाले तर मराठी-गुजराती पेपर काय म्हणत होते ते एका जागी सापडतं. मूळ अंक मिळाला तर मात्र गोषवाऱ्यावर थांबू नका, भाषांतरात धार जाते.

लिहायला बसाल तेव्हा जन्मापासून सुरुवात करायलाच पाहिजे असं नाही. मी असतो तर १९२६ पासून केली असती. पासपोर्ट मिळत नाही, तरी माणूस सिलोनमार्गे दक्षिणेतून देशात शिरतो, वय बावन्न, तब्येत काही तरुण नाही, इंग्लंडात राहिला असता तर बरी नोकरी मिळाली असती, आणि हा परत त्याच शहरात त्याच टेबलाशी. का, ते सांगायला मग मागे जा. फक्त मनातले संवाद रचू नका, बोटीवर त्यांना काय वाटलं असेल वगैरे. पत्र नसेल तर तिथे गप्प राहायचं.

शेवटची वर्षं लोक उरकून टाकतात, तुम्ही तसं करू नका. सेंटिनेल त्यांनी बारा वर्षं चालवला, हा काळ हद्दपारीपेक्षा लांब आहे. मृत्यूच्या बातमीसाठी ऑक्टोबर १९४८ चे मुंबईचे पेपर काढा, आणि ब्रिटिश न्यूजपेपर आर्काइव्हवर त्याच आठवड्यातले इंग्लंडचे पेपर, ते पैसे घेतात पण एका महिन्याचं सबस्क्रिप्शन पुरतं. दोन्हीकडच्या बातम्या शेजारी ठेवून ओळी मोजा, कुठे किती जागा दिली आणि काय लिहिलं ते. आणि त्याच खेपेला ब्रेलवींच्या नावाचा रस्ताही फोर्टात बघून या, सर्कलपासून फार लांब नाही.