गृहकर्ज खरंच कितीला पडतं? हिशेब मांडायची रीत

पुण्यात फ्लॅट बघायला गेलं की साइट ऑफिसमध्ये एका कागदावर तीन आकडे लिहून मिळतात: किंमत, कर्ज आणि हप्ता. मग प्रश्न येतो, "हप्ता बसतोय ना?" वाकड असो, धायरी असो की वाघोली, प्रश्न तोच. हप्ता पगारात बसला की व्यवहार ठरला, असं दोन्ही बाजू धरून चालतात. हा हप्ता किती महिने भरायचा, तो चौथा आकडा कुठेतरी कोपऱ्यात असतो. कर्ज महाग की स्वस्त, हे बरंचसं तोच ठरवतो. व्याजदरात पाव टक्का कमी व्हावा म्हणून चार बँका फिरणारी माणसं मुदतीच्या रकान्यापुढे मात्र डोळे झाकून सही करतात.

या लेखात एकच उदाहरण शेवटपर्यंत वापरू. फ्लॅट ६२ लाख ५० हजारांचा, कर्ज ५० लाख, बदलता व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. तुमचे आकडे वेगळे असतील, ते त्या जागी घाला.

पायरी १: हप्त्याला महिन्यांनी गुणा

वरच्या कर्जाचा मासिक हप्ता ४३,३९१ रुपये येतो. गुणिले २४० महिने. एकूण भरणा सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार, त्यात व्याज ५४ लाख १४ हजार. म्हणजे घेतलेल्या रकमेपेक्षा व्याज जास्त.

आता दर तोच ठेवून फक्त मुदत बदला:

१५ वर्षं: हप्ता ४९,२३७, एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार
२० वर्षं: हप्ता ४३,३९१, एकूण व्याज ५४ लाख १४ हजार
२५ वर्षं: हप्ता ४०,२६१, एकूण व्याज ७० लाख ७८ हजार
३० वर्षं: हप्ता ३८,४४६, एकूण व्याज ८८ लाख ४० हजार

शेवटच्या दोन ओळी पुन्हा वाचा. २५ ची ३० वर्षं केल्यावर हप्ता महिन्याला जेमतेम १,८०० रुपयांनी उतरतो आणि व्याज साडेसतरा लाखांनी चढतं. वीसची पंधरा केली तर महिन्याला ५,८०० रुपये जास्त जातात, पण साडेपंधरा लाख वाचतात. दरातल्या अर्ध्या टक्क्याशी तुलना करा: ५० लाखांना, २० वर्षांसाठी ८.५ ऐवजी ८ टक्के मिळाले तर पावणेचार लाख वाचतात. तेही सोडू नयेत, पण मुदतीचं पारडं किती जड आहे ते कळतं.

पायरी २: बाकीचा तक्ता स्वतः मांडा

बँक परतफेडीचा तक्ता देते. तरीही तो एकदा आपल्या हाताने मांडावा, कारण मांडताना जे लक्षात येतं ते छापील कागद वाचून येत नाही. एक्सेल किंवा गूगल शीटमध्ये पाच रकाने करा: महिना, सुरुवातीची बाकी, व्याज, मुद्दल, शेवटची बाकी. व्याज म्हणजे सुरुवातीची बाकी गुणिले ८.५ टक्के भागिले १२. हप्त्यातून व्याज वजा केलं की उरलं ते मुद्दल. बाकीतून मुद्दल वजा केलं की पुढच्या महिन्याची सुरुवातीची बाकी. ही ओळ २४० वेळा खाली ओढायची, बस.

पहिल्या महिन्याचं व्याज येईल ३५,४१७ रुपये. ४३,३९१ च्या हप्त्यातले फक्त ७,९७४ रुपये मुद्दलात जातात. पहिल्या अख्ख्या वर्षात तुम्ही ५ लाख २१ हजार भरता आणि कर्ज उतरतं एक लाखाहूनही थोडं कमी. पाच वर्षांनी २६ लाख भरून झालेले असतात आणि बाकी असते ४४ लाख. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षं लागतात. निम्मं कर्ज फिटायला चौदाच्या आसपास.

यात बँकेची लबाडी काही नाही. व्याज बाकीवर लागतं आणि सुरुवातीला बाकी मोठी असते, एवढंच. पण सात-आठ वर्षांत हा फ्लॅट विकून मोठा घेऊ, असा बेत असेल (पुण्यात टू बीएचकेवाल्या निम्म्या घरांत तो असतोच), तर विकायच्या वर्षी किती बाकी असेल ते याच तक्त्यात बघून ठेवा. विक्रीच्या रकमेतून आधी ती बाकी चुकती होते, मग तुमच्या हातात काय ते.

पायरी ३: दर बदलणार, हे धरूनच चाला

बदलत्या दराच्या कर्जाचा वीस वर्षांचा तक्ता खरं तर आजच्या दराचा अंदाज असतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाह्य निकषाशी, म्हणजे बँकेच्या हातात नसलेल्या दराशी, जोडावी लागतात. बहुतेक बँका त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर (ज्या दराने ती बँकांना थोड्या मुदतीचं कर्ज देते तो) धरतात आणि दर किमान तीन महिन्यांतून एकदा बदलून घेतला जातो. गृहवित्त कंपन्यांना ही सक्ती नाही. त्या आपल्या अंतर्गत दराने चालतात, म्हणून तिथे दर उतरायला उशीर लागू शकतो. कर्ज बँकेचं की कंपनीचं, हे सही करण्याआधी विचारा.

रेपो दर मे २०२० ते मे २०२२ या काळात ४ टक्के होता. तिथून तो फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ टक्क्यांवर गेला. याचा अर्थ घरात काय होतो ते बघू. समजा २०२१ मध्ये कोणी ६.७ टक्क्यांनी ५० लाख घेतले, मुदत २० वर्षं. हप्ता ३७,८७० रुपये. दीड वर्षाने बाकी ४८ लाख १२ हजार. सोपं जावं म्हणून असं धरू की दर तेव्हा एकदम ९.२ झाला. आता महिन्याचं व्याजच ३६,८९३ रुपये होतं. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जेमतेम हजार रुपये जातात आणि उरलेली साडेअठरा वर्षं ताणून जवळपास ४० होतात. मुदत तीच ठेवायची तर हप्ता ४५,१८४ करावा लागतो.

त्या काळात अनेकांचा हप्ता काही वाढला नाही. मुदत गुपचूप वाढली. खात्यातून दरमहा तेवढीच रक्कम जात असल्यामुळे कोणाच्या लक्षातही आलं नाही. पुढे रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात सांगितलं, की दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायला हवा. शिवाय दर तिमाहीला एक विवरण द्यायचं: आजवर वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, शिल्लक हप्त्यांची संख्या, वार्षिक दर. यातला शिल्लक हप्त्यांचा आकडा दर तिमाहीला वहीत टिपा. मागच्या वेळी १९८ होता आणि आता २१४ असेल, तर शाखेत जायची वेळ झाली.

कर्ज घेण्यापूर्वी तक्त्यात दर दोन टक्क्यांनी वाढवून बघा. तो वाढीव हप्ता घरभाडं, मुलांची फी आणि गावाकडे पाठवायचे पैसे सांभाळून झेपत नसेल, तर कर्ज मोठं झालं आहे.

पायरी ४: हप्त्याबाहेरचे पैसे मोजा

रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० ते ७५ लाखांचं कर्ज घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच मिळतं, आणि त्या किमतीत स्टँप ड्युटी, नोंदणी वगैरे धरत नाहीत. आपल्या उदाहरणात साडेबारा लाख स्वतःचे. पुणे महापालिका हद्दीत स्टँप ड्युटी अधिभारांसह ७ टक्के, म्हणजे ४ लाख ३७ हजार ५००. ती करारातल्या किमतीवर किंवा रेडी रेकनरच्या (सरकारने त्या भागासाठी ठरवलेल्या) किमतीवर, यांतली जास्त असेल तिच्यावर. नोंदणी फी ३०,००० रुपये. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर ड्युटीत एक टक्का सवलत आहे, इथे ६२,५०० रुपयांची. नवऱ्याचं नाव जोडलं की ती जाते, हे आधी ठरवा.

बांधकाम चालू असलेल्या फ्लॅटवर ५ टक्के जीएसटी, म्हणजे आणखी ३ लाख १२ हजार ५००. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या इमारतीत तो लागत नाही. बांधकाम चालू असताना प्री-ईएमआयचाही, म्हणजे पूर्ण हप्ता सुरू होण्याआधीच्या व्याजाचा, खर्च असतो. बँकेने बिल्डरला ३० लाख दिले असतील तर महिन्याला २१,२५० रुपये नुसतं व्याज जातं, कर्ज एका रुपयाने उतरत नाही, आणि राहत्या घराचं भाडं वेगळंच. ताबा वर्षभर लांबला तर अडीच लाखांवर गेले. स्वस्त वाटणारा निर्माणाधीन फ्लॅट आणि महाग वाटणारा तयार फ्लॅट यांची तुलना हे सगळं धरून करा.

प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, गहाणाची स्टँप ड्युटी, नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची नोंदणी कार्यालयात द्यायची सूचना) या रकमा त्या मानाने लहान. विमा मात्र लहान नाही. कर्जासोबत एकरकमी हप्त्याचा विमा पुढे केला जातो आणि "तो कर्जातच टाकू" असं म्हणतात. दीड लाखाचा विमा कर्जात मिसळला तर २० वर्षांत त्याचे ३ लाख १२ हजार भरता. विमा हवाच, पण साधा टर्म विमा (फक्त मृत्यू झाला तर पैसे देणारा) बाहेरून घेऊन त्याचा हप्ता वर्षाच्या वर्षी भरणं बहुतेकांना स्वस्त पडतं. किंमत दोन्हीकडची विचारून बघा.

१ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या रिटेल, म्हणजे व्यक्तींना दिल्या जाणाऱ्या, कर्जांसोबत मुख्य तथ्य विवरणपत्र देणं बंधनकारक आहे. फी वगैरे धरून कर्ज वर्षाला किती टक्क्यांना पडतं तो दर, म्हणजे एपीआर, त्यात लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, या दरावर करा.

पायरी ५: आजच्या रुपयात बघा

इथवर वाचून घाबरायला झालं असेल, तर थोडं थांबा. विसाव्या वर्षाचे ४३,३९१ रुपये आणि आजचे ४३,३९१ रुपये सारखे नाहीत. महागाई वर्षाला ६ टक्के धरली तर त्या शेवटच्या हप्त्याची आजची किंमत साडेतेरा हजारांच्या आसपास भरते. सगळे २४० हप्ते असे आजच्या किमतीत आणले तर बेरीज सुमारे ६१ लाख ३५ हजार येते. म्हणजे ५४ लाखांच्या व्याजाचं खरं ओझं ११ लाख ३५ हजारांच्या जवळपास. "दुप्पट पैसे भरले हो" असं जे ऐकू येतं त्यात तथ्य निम्मंच.

पण ही आकडेमोड पगार महागाईच्या मागे मागे वाढत राहील, या भरवशावर उभी आहे. हिंजवडीतल्या नोकरीवर घेतलेल्या कर्जासाठी मी हा भरवसा पूर्ण वीस वर्षांचा धरणार नाही.

करसवलतीचंही असंच. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार आहे, म्हणजे निम्म्याहून जास्त व्याजाला सवलत नाहीच. नव्या प्रणालीत स्वतःच्या राहत्या घराला ही वजावट मुळातच नाही. "कर वाचवायला कर्ज चालू ठेव" असा सल्ला देणाऱ्या काकांना आधी विचारा, कोणत्या प्रणालीतलं बोलताय?

पायरी ६: जादा पैसे लवकर भरा, आणि मुदत कमी करून घ्या

बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी रक्कम भरली म्हणून बँक दंड लावू शकत नाही. पहिल्या वर्षाच्या शेवटी बोनसमधले एक लाख भरले, तर शेवटचे अकरा हप्ते गळतात आणि व्याजात ३ लाख ८० हजारांच्या आसपास बचत होते. तेच लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर बचत पन्नास हजारांच्या घरात.

भरताना शाखेत विचारतात: हप्ता कमी करू की मुदत? कधी कधी विचारतही नाहीत, हप्ता कमी करून मोकळे होतात. पहिल्या वर्षीच्या त्याच एक लाखावर हप्ता कमी करून घेतला तर बचत एक लाखाच्या आसपासच राहते. म्हणून अर्जात "मुदत कमी करावी" असं स्पष्ट लिहा आणि नवा तक्ता मागून घ्या. अडीअडचणीसाठी सहा महिन्यांचे हप्ते बाजूला ठेवूनच हे करायचं. क्रेडिट कार्डाची किंवा पर्सनल लोनची बाकी असेल तर आधी ती फेडा, तिचा दर जास्त असतो.

जुनं कर्ज असेल तर आणखी एक गोष्ट. रेपोवर बँक जी वाढीव टक्केवारी लावते ती नव्या ग्राहकाला कमी आणि तुम्हाला जास्त, असं असू शकतं. बँकेच्या साइटवर आजचा दर बघून शाखेत लेखी विचारा. थोडी फी घेऊन पुष्कळदा कमी करतात. नाहीच केला तर दुसऱ्या बँकेत कर्ज हलवण्याचा हिशेब मांडा. पण तिथे मुदत पुन्हा २० वर्षांची करून घेऊ नका, नाहीतर दरात वाचलेलं मुदतीत जाईल.

पायरी ७: कर्ज फिटल्यावर

सगळी बाकी चुकती झाल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यायला हवीत. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. बेबाकी दाखला (काही देणं उरलं नाही असं बँकेचं पत्र) घ्या, मूळ करारनामा आणि इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयाचा व्यवहाराचा उतारा) तपासून घ्या, बोजा उतरल्याची नोंद झाली का ते बघा, आणि सोसायटीच्या दप्तरी बँकेचं नाव गहाणदार म्हणून असेल तर ते काढून टाकायला अर्ज द्या. दोन महिन्यांनी सिबिलचा (कर्जांच्या परतफेडीची नोंद ठेवणाऱ्या संस्थेचा) अहवाल काढून तिथे खातं बंद दिसतंय याची खात्री करा.