दिवसभर नकाशा चालू असणाऱ्या मोबाइलची बॅटरी टिकवण्याचे मार्ग

घरोघरी पार्सल पोहोचवणारे, अ‍ॅपवरून भाडे घेणारे रिक्षाचालक, औषधांच्या किंवा किराणा मालाच्या ऑर्डरी घेऊन शहरभर फिरणारे प्रतिनिधी यांच्या मोबाइलवर नकाशा, ऑर्डरचे अ‍ॅप, नेट आणि स्क्रीन या चारही गोष्टी सकाळपासून रात्रीपर्यंत एकाच वेळी चालू असतात. बॅटरी वाचवण्याचे जे सल्ले नेहमी दिले जातात, ते बहुतेक अशा माणसासाठी असतात ज्याचा फोन दिवसाचा बराच वेळ खिशात पडून असतो. फोन हेच ज्याचे कामाचे साधन आहे, त्याला त्यातल्या निम्म्या सल्ल्यांचा उपयोग होत नाही आणि काहींमुळे तर हातची ऑर्डर जाते.

आधी थोडा हिशोब पाहू. ५००० एमएएचच्या बॅटरीत साधारण १९ वॉट-तास ऊर्जा मावते. खिशातल्या, स्क्रीन बंद असलेल्या फोनला वॉटचा छोटासा अंश पुरतो. परंतु पूर्ण ब्राइटनेस, चालू नकाशा आणि मोबाइल डेटा एकत्र आले, की तोच फोन तीन ते चार वॉटपर्यंत ऊर्जा खाऊ शकतो. साडेतीन वॉट धरले तर बॅटरी साडेपाच तासांच्या आत संपते आणि अडीच वॉटवर आणता आले तर साडेसात तास चालते. अर्धा वॉट वाचला तरी तासाभराची सोय होते, आणि हा अर्धा वॉट मुख्यतः दोनच ठिकाणी सापडतो : स्क्रीन आणि रेंज. म्हणून कंपन बंद करा, किबोर्डचा आवाज बंद करा, वॉलपेपर बदला अशा बारीकसारीक उपायांत वेळ न घालवता या दोहोंपासून सुरुवात करावी. बदल करण्यापूर्वी एक तास नेहमीप्रमाणे काम करून किती टक्के गेले ते लिहून ठेवावे आणि नंतर एका वेळी एकच बदल करून पुन्हा मोजावे; प्रत्येक फोन वेगळा असतो, त्यामुळे दुसऱ्याच्या अनुभवापेक्षा ही नोंद अधिक भरवशाची असते.

स्क्रीन हा सर्वांत मोठा खर्च आहे. उन्हात फोन ऑटो ब्राइटनेसवर असेल, तर अनेक फोन आपल्याला हाताने लावता येते त्याहूनही अधिक प्रकाश स्वतःहून वाढवतात. त्यामुळे होल्डरवरच्या फोनला सावली देणे हा बॅटरी वाचवण्याचा थेट उपाय ठरतो. रिक्षात फोन समोरच्या काचेला चिकटवण्याऐवजी थोडा आत, टपाच्या सावलीत बसवावा; दुचाकीवर होल्डरला लहानशी छत्री किंवा झडप लावावी. सावलीतला पडदा निम्म्या ब्राइटनेसवरही नीट वाचता येतो.

डार्क मोडबद्दल बरेच उलटसुलट बोलले जाते. फोनचा पडदा ओएलईडी किंवा अमोलेड असेल, तर काळ्या भागातले बिंदू प्रकाशच देत नाहीत आणि ऊर्जा वाचते; साध्या एलसीडी पडद्यामागचा दिवा मात्र चित्र काळे असो वा पांढरे, सारखाच जळत राहतो. अमेरिकेतील पर्ड्यू विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२१ मध्ये ओएलईडी फोनवर केलेल्या मोजमापात पूर्ण ब्राइटनेसवर डार्क मोडने सरासरी ३९ ते ४७ टक्के ऊर्जा वाचली, पण ३० ते ५० टक्के ब्राइटनेसवर ही बचत केवळ ३ ते ९ टक्के होती. म्हणजे ज्याला ब्राइटनेस चढाच ठेवावा लागतो, त्यालाच डार्क मोडचा खरा लाभ आहे. अडचण अशी, की भर दुपारी काळा नकाशा वाचणे अवघड जाते आणि रस्त्यावरून नजर हटते. माझ्या मते दुपारी उजळ नकाशा सावलीत ठेवून वापरावा आणि संध्याकाळनंतर डार्क मोड लावावा. थोड्याशा बॅटरीसाठी डोळे ताणून गाडी चालवणे योग्य नाही. पडद्याचा रिफ्रेश रेट, म्हणजे पडद्यावरचे चित्र सेकंदाला किती वेळा ताजे होते तो आकडा, १२० किंवा ९० हर्ट्झ असेल तर तो ६० वर आणावा, कारण नकाशा पाहताना त्या गुळगुळीतपणाचा काहीही उपयोग होत नाही.

याहून परिणामकारक उपाय म्हणजे स्क्रीन बंदच करणे. नेव्हिगेशन चालू असताना पडदा आपोआप विझत नाही, म्हणून लांब सरळ रस्ता किंवा उड्डाणपूल लागण्याआधी, गाडी थांबलेली असतानाच, पुढचे वळण पाहून घ्यावे आणि पॉवर बटण दाबावे. वळण जवळ आले की आवाजी सूचना स्क्रीन बंद असतानाही ऐकू येतात. रोजच्या भागात तर बहुतेक रस्ते पाठच असतात. तेथे शेवटच्या गल्लीपुरताच नकाशा उघडला तरी भागते.

आता रेंजविषयी, कारण हा खर्च डोळ्यांना दिसत नाही. टॉवर दूर असला किंवा मध्ये काँक्रीटच्या भिंती आल्या, की टॉवरपर्यंत पोहोचण्यासाठी फोन आपली प्रसारणशक्ती वाढवतो आणि सारखे नवे टॉवर शोधत राहतो. इमारतींचे तळघरातले पार्किंग, लिफ्ट, जुन्या पेठांमधले दाट वाडे आणि घाटरस्ते येथे बॅटरी झपाट्याने उतरते ती याच कारणाने. ऑर्डर स्वीकारून झाली असेल आणि तळघरात काही मिनिटेच जायचे असेल, तर तेवढ्यापुरता एअरप्लेन मोड लावणे सोयीचे. ऑर्डरची वाट पाहत असाल तर मात्र ते करू नये.

भारतात ऑक्टोबर २०२२ मध्ये ५जी सुरू झाले, तेव्हा जिओने स्वतंत्र ५जी जाळे उभारले आणि एअरटेलने आधीच्या ४जीच्या आधारावर चालणारे ५जी दिले. या दुसऱ्या पद्धतीत फोनला ४जी आणि ५जी अशा दोन्ही जोडण्या सांभाळाव्या लागतात. पद्धत कोणतीही असली, तरी जेथे ५जीची रेंज येते-जाते अशा भागात फोन सतत या जाळ्यातून त्या जाळ्यात उड्या मारतो. नकाशा आणि ऑर्डरचे अ‍ॅप यांना ४जीचा वेग भरपूर होतो, तेव्हा कामाच्या वेळेत नेटवर्क ४जीवर ठेवावे. दुसरे सिम केवळ घरच्या फोनसाठी असेल आणि त्या कंपनीची आपल्या भागात रेंज कमी असेल, तर ते सिम दिवसा बंद ठेवून त्यावरचे कॉल पहिल्या क्रमांकावर वळवता येतात. आपल्या भागाचा नकाशा घरच्या वायफायवर आधीच डाउनलोड करून ठेवावा. कमी रेंजमध्ये फोनला तो पुन्हा पुन्हा मागवावा लागत नाही.

जीपीएसला मात्र विनाकारण दोष दिला जातो. फोन उपग्रहांचे संकेत केवळ ऐकतो, उपग्रहाकडे काही पाठवत नाही, त्यामुळे त्याचा स्वतःचा खर्च पडद्याच्या तुलनेत लहान असतो. लोकेशनची अचूकता कमी केली तर बचत थोडीच होते आणि ग्राहकाच्या दाराऐवजी मागच्या गल्लीत जाण्याची वेळ येते.

अ‍ॅपच्या सेटिंगमध्ये सर्वाधिक काळजी घ्यायची ती ऑर्डरच्या अ‍ॅपची. बॅटरी सेव्हर सरसकट लावला की अनेक अँड्रॉइड फोन पार्श्वभूमीवर चाललेली अ‍ॅप रोखतात, त्यामुळे सूचना उशिरा येते किंवा लोकेशन तुटते आणि जवळची ऑर्डर दुसऱ्याला जाते. म्हणून कामाच्या अ‍ॅपला बॅटरीच्या सेटिंगमध्ये ‘अनरिस्ट्रिक्टेड’ ठेवावे, आणि रील, खरेदी, खेळ, बातम्या अशी कामाशी संबंध नसलेली अ‍ॅप ‘रिस्ट्रिक्टेड’ करावीत. फोटोंचा बॅकअप आणि अ‍ॅपचे अपडेट केवळ वायफायवर होऊ द्यावेत. व्हॉट्सअ‍ॅपवर येणारे व्हिडिओ आपोआप डाउनलोड होणे बंद करावे. वरचेवर सगळी अ‍ॅप बोटाने सरकवून बंद करण्याची सवय अनेकांना आहे. तीच अ‍ॅप पाच मिनिटांनी पुन्हा उघडायची असतील तर ती मुळापासून सुरू करण्यात उलट जास्त ऊर्जा जाते. ‘बॅटरी वाढवणारे’ म्हणून मिळणारे कोणतेही अ‍ॅप ठेवू नये. अँड्रॉइडमध्ये २०१५ च्या ६.० आवृत्तीपासून फोन स्वतःच अ‍ॅपची पार्श्वभूमीवरची कामे आवरतो, पण ती व्यवस्था स्क्रीन बंद असतानाच लागू होते, हे स्क्रीन विझवण्याचे आणखी एक कारण आहे.

उष्णता हा आपल्याकडचा फार गंभीर विषय आहे. अ‍ॅपल आपला फोन ० ते ३५ अंश सेल्सिअस तापमानाच्या वातावरणात वापरण्यास सांगते; मे महिन्यात नागपूर-चंद्रपूरकडे पारा ४५ अंशांच्याही पुढे जातो आणि उन्हात तापलेल्या होल्डरवरचा फोन त्याहून गरम होतो. अशा वेळी फोन स्वतःहून पडदा मंद करतो, काम संथ करतो, चार्जिंग थांबवतो. त्या दिवसाचा त्रास एकवेळ सोसता येईल, पण तापलेल्या लिथियम-आयन बॅटरीची साठवणक्षमता कायमची घटते, आणि बॅटरी पूर्ण भरलेली असताना तापली तर अधिकच घटते. दुपारी बारा ते चार या वेळेत जाड किंवा काळे कव्हर काढून ठेवावे, उन्हात उभा असलेला फोन चार्जिंगला लावू नये, आणि थांबल्यावर तो खिशात न कोंबता सावलीत, वाऱ्यावर ठेवावा. तापलेला फोन फ्रिजमध्ये किंवा बर्फाजवळ कधीही ठेवू नये. आत बाष्प साचून पाण्याने फोन बिघडतो.

चार्जिंग ८० टक्क्यांवर थांबवण्याची सोय आता अनेक फोनमध्ये आहे आणि ती बॅटरीच्या आयुष्यासाठी चांगली आहे. दिवसभर बाहेर असणाऱ्याने ती सुट्टीच्या दिवशी वापरावी आणि कामाच्या दिवशी १०० टक्के भरूनच निघावे, फक्त भरलेला फोन रात्रभर उशीखाली चार्जरला लावून ठेवू नये. दुपारी जेवताना अर्धा तास सावलीत, स्क्रीन बंद ठेवून चार्ज केल्याने जे मिळते, ते गाडी चालवताना तासभर चार्ज करूनही मिळत नाही. त्याचे कारण सरळ आहे : रिक्षात किंवा दुचाकीवर बसवलेले स्वस्त सॉकेट बहुधा पाच व्होल्टवर एक अँपिअर, म्हणजे पाच वॉट देते, त्यातले तीन ते चार वॉट नकाशा चालू असलेला फोनच खातो आणि बारीक तारेच्या केबलमध्ये उरलेलेही घटते. टक्के वाढत नसतील तर आधी केबल बदलून पाहावी, मग दोन अँपिअर किंवा त्याहून अधिक क्षमतेचे सॉकेट बसवावे.

पॉवर बँकेवर छापलेले १०,००० एमएएच हे तिच्या आतल्या ३.७ व्होल्टच्या बॅटरीचे असतात. पाच व्होल्टवर नेताना आणि पुन्हा फोनमध्ये भरताना होणारी घट धरली, तर ५००० एमएएचचा फोन तिच्यावर दोनदा नव्हे, सव्वा ते दीड वेळाच भरतो. विकत घेताना पाच व्होल्टवरची ‘रेटेड कपॅसिटी’ वाचावी आणि भारतीय मानक ब्युरोचा नोंदणी क्रमांक असल्याशिवाय घेऊ नये. उन्हात उभ्या असलेल्या गाडीच्या डिकीत ती ठेवू नये.

इतके सगळे पाळूनही बॅटरी झिजणारच. आयफोन १४ आणि त्याआधीच्या फोनची बॅटरी ५०० पूर्ण आवर्तनांनंतर ८० टक्के क्षमता राखेल अशी बनवली आहे, असे अ‍ॅपल सांगते; आयफोन १५ पासून हा आकडा १००० आहे. एक आवर्तन म्हणजे एकूण १०० टक्के वापर, मग तो एका दिवसात होवो वा दोन. कामाचा फोन दिवसाला एक ते दीड आवर्तन सहज पूर्ण करतो, त्यामुळे वर्ष-दीड वर्षात फरक जाणवू लागला तर त्यात फोनचा दोष नाही आणि नवा फोन घेण्याचीही गरज नसते. अधिकृत सेवा केंद्रातून पावतीसह नवी बॅटरी बसवून घेणे कितीतरी स्वस्त पडते. फोनची मागची बाजू फुगलेली किंवा पडदा एका कडेने उचललेला दिसला, तर टक्क्यांचा विचार न करता तो त्याच क्षणी बंद करावा, चार्जिंगला लावू नये, दाबून सपाट करण्याचा प्रयत्न करू नये आणि फोन तसाच सेवा केंद्रात नेऊन द्यावा. काढलेली जुनी बॅटरी घरच्या कचऱ्यात न टाकता ई-कचरा घेणाऱ्या केंद्राकडेच सोपवावी.