भ्रूणाचा पहिला आठवडा समजून घेताना या चुका टाळा

‘फलन झालं की पेशी विभागत जातात आणि भ्रूण मोठं होतं.’ हे वाक्य उत्तरपत्रिकेत हमखास सापडतं आणि पुढचा गोंधळ तिथूनच सुरू होतो. पहिले चार-पाच दिवस माणसाचं भ्रूण आकारानं जवळजवळ वाढतच नाही. साधारण 0.1 मिलीमीटरची अंडपेशी, तिच्याच दोन, चार, आठ पेशी होतात आणि दर विभाजनाला त्या लहान होत जातात. म्हणून तर याला विदलन असं वेगळं नाव आहे. आकृतीत आठ पेशींचा गोळा युग्मनजाहून (फलित अंडपेशीहून) मोठा काढला असेल तर तो खोडा.

युग्मनज तयार होताच त्याची स्वतःची जनुकं कामाला लागतात, हा समज जास्त नडतो. सुरुवातीचा कारभार आईनं अंडपेशीत भरून ठेवलेल्या आरएनए आणि प्रथिनांवर चालतो. भ्रूणाची जनुकं जोमानं चालू होतात ती माणसात चार ते आठ पेशी झाल्यावर, उंदरात दोन पेशी असतानाच. उंदराचं वेळापत्रक माणसाला लावू नका.

पण सूत्रं भ्रूणाच्या हाती यायची तर जुना साठा मोडावा लागतो. पुस्तकं पेशीची देखभाल एका प्रकरणात आणि भ्रूणविकास दुसऱ्यात टाकतात, हे मला फार खटकतं, कारण इथे दोन्ही एकच काम आहे. नको असलेल्या प्रथिनांवर युबिक्विटिन या छोट्या प्रथिनाची खूण बसते आणि प्रोटिआझोम हे पेशीतलं प्रथिनं तोडणारं यंत्र त्यांचे तुकडे करतं. बाकीचा ऐवज ऑटोफॅजीनं, म्हणजे पेशीनं स्वतःचेच घटक मोडीत काढण्याच्या क्रियेनं, लयकारिकेत (पेशीच्या पचनपिशवीत) जातो. उंदरात फलनानंतर काही तासांतच ऑटोफॅजी वाढते. अंडपेशी आणि शुक्राणू दोन्हींकडे एटीजी5 हे ऑटोफॅजीला लागणारं जनुक नसेल, तर भ्रूण चार ते आठ पेशींवर अडकतं. त्यामुळे ‘ऑटोफॅजी म्हणजे उपाशी पेशीनं स्वतःला खाणं’ एवढ्यावर उत्तर थांबवू नका.

शुक्राणूच्या तंतुकणिका (पेशीला ऊर्जा पुरवणारे घटक) अंडपेशीत शिरतच नाहीत, असंही लिहू नका. माणसासह बहुतेक सस्तन प्राण्यांत त्या शिरतात, मागाहून नष्ट होतात.

कोरकपुटीच्या, म्हणजे पाचव्या दिवसाच्या सुमारास बनणाऱ्या पोकळ भ्रूणाच्या, सगळ्या पेशींचं बाळ होत नाही. बाहेरच्या थरातून वारेचा भाग बनतो.

आणि पेशी मेली म्हणजे काहीतरी बिघडलं, असं धरू नका. सीनोरॅब्डायटिस एलिगन्स या कृमीच्या उभयलिंगी जीवात 1090 कायिक (प्रजननपेशी सोडून इतर) पेशी तयार होतात, त्यांतल्या 131 ठरलेल्या वेळी मरतात आणि 959 उरतात.