खावटी थकल्यास जप्तीचा अर्ज कसा करावा

खावटीचा (पोटगीचा) हुकूम हाती असूनही नवरा पैसे भरत नसेल, तर हुकूम देणाऱ्या न्यायालयात वसुलीचा अर्ज करावा. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 144 खाली वॉरंट हवे असल्यास, रक्कम देय झाल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज द्यावा लागतो, म्हणून ‘पुढच्या हंगामात बघू’ असे म्हणणे महागात पडते. सोबत महिनावार थकबाकीचा तक्ता जोडावा.

शेती रावेर-यावलकडे, म्हणजे जळगाव जिल्ह्यातल्या केळीच्या पट्ट्यात असेल, तर ताजा सातबारा काढून नवऱ्याचे नाव, गट क्रमांक आणि ‘इतर हक्क’ या रकान्यातील सोसायटीचा बोजा (कर्जाची नोंद) नीट तपासावा. खाते सामाईक असल्यास भावांचा हिस्सा जप्त होत नाही, आणि घोडे बहुधा इथेच अडते. दिवाणी दरखास्तीत (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जात) उभी केळीसुद्धा जप्त होऊ शकते: वॉरंटची एक प्रत शेतात आणि दुसरी त्याच्या राहत्या घराच्या बाहेरील दारावर लावली जाते. घड कापून ट्रकमध्ये चढल्यावर अर्ज करण्यात मात्र फारसा अर्थ उरत नाही.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 नुसार स्वयंपाकाची भांडी, तसेच शेतकऱ्याच्या उपजीविकेला आवश्यक बैल, अवजारे व बियाणे सुटतात. खावटीच्या हुकूमनाम्यात पगाराचा एक तृतीयांश भागच सुरक्षित असतो.

दावा चालू असतानाच जमीन विकायला काढली, तर त्याच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 38 नियम 5 खाली निकालापूर्वीची जप्ती मागावी. त्यासाठी गावातली कुजबुज पुरत नाही, सौदापावतीची प्रत किंवा माहितगाराचे प्रतिज्ञापत्र लागते.