एल्डन रिंगमध्ये स्मिथिंग स्टोन कधी लावायचे, कधी राखायचे

माझा भाचा नाशिकला असतो. एल्डन रिंग या व्हिडिओ गेमच्या जगात, लँड्स बिटवीनमध्ये फिरत असताना त्याचा मेसेज येतो तो बहुतेक वेळा एकच: "मामा, सहा दगड झालेत. लावू की ठेवू?" हे दगड म्हणजे स्मिथिंग स्टोन, ते लावून हत्याराची लेव्हल वाढवतात. माझं उत्तर दरवेळी सारखं नसतं. दगड कोणत्या नंबरचा आहे, तो कोणत्या हत्याराला लागणार आहे आणि त्या नंबरचं बेल बेअरिंग (जे दिलं की तो दगड दुकानात विकत मिळू लागतो) हाती आलंय का, हे बघूनच मी सांगतो. त्यातला तिसरा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा, कारण जो दगड पुढे विकत मिळणार आहे तो साठवण्यात काही अर्थ नाही, आणि जो बेअरिंग आणूनही दुकानात येत नाही तो लावायची घाई करण्यात अर्थ नाही. बाकीचं सगळं या एका गोष्टीतून निघतं.

आधी हिशोब नीट समजून घ्या. साध्या हत्याराच्या २५ लेव्हल असतात. नंबर १ चे दगड +१ ते +३ साठी लागतात: पहिल्या लेव्हलला २, दुसरीला ४, तिसरीला ६. मग नंबर २ चे दगड +४ ते +६ साठी, पुन्हा २, ४, ६. असं नंबर ८ पर्यंत चालतं आणि +२४ येतं. शेवटच्या +२५ साठी एकच दगड लागतो, एन्शंट ड्रॅगन स्मिथिंग स्टोन. म्हणजे एका हत्यारासाठी प्रत्येक नंबरचे १२ दगड.

आता हत्यार किती वाढतं ते बघा. सामुरायला सुरुवातीलाच मिळणारी उचिगाताना घ्या. तिचा बेस अटॅक ११५ आहे, +२५ ला तो २८१ होतो. ही वाढ जवळजवळ सरळ रेषेत होते, दर लेव्हलला साधारण ६-७. दोन दगडांच्या लेव्हलला जेवढी वाढ मिळते तेवढीच सहा दगडांच्या लेव्हलला मिळते. त्यामुळे +१, +४, +७, +१० या पायऱ्या फार स्वस्त पडतात. नव्या नंबरचे दोन दगड हातात आले आणि मुख्य हत्यार त्या पायरीवर थांबलेलं असेल, तर विचार न करता ह्यूग या लोहाराकडे जा. महाग असते ती तिसरी पायरी, +३, +६, +९. सहा दगड जाणार म्हणून बरेच जण तिथे अडून बसतात. पण ती ओलांडल्याशिवाय पुढची स्वस्त पायरी मिळत नाही, म्हणून मुख्य हत्याराच्या बाबतीत तिथेही थांबू नका. दुसऱ्या हत्यारावर मात्र तिथेच हात आखडा.

मुख्य हत्यार एकच ठरवा, हे मी आग्रहाने सांगतो. लिमग्रेव्ह या सुरुवातीच्या प्रदेशात चार तलवारी आणि दोन भाले मिळतात आणि प्रत्येकाला थोडं थोडं लावायचा मोह होतो. रेनाला या बॉसला हरवलं की लार्व्हल टियर नावाची वस्तू देऊन तुम्ही स्टॅट (ताकद, चपळाई वगैरेंचे आकडे) पुन्हा वाटून घेऊ शकता. दगडांचं तसं नाही. लावलेले दगड परत मिळत नाहीत आणि हत्याराची लेव्हल खालीही आणता येत नाही. सुरुवातीला कोणतं हत्यार आवडतंय हेच कळत नसेल तर ते +० वरच दहा-बारा लढायांत वापरून बघा. त्याचा रोल अटॅक, उडी मारून केलेला वार, स्टॅमिना किती खातं, हे +० वरही तेवढंच दिसतं. हात बसला की मग दगड. अॅश ऑफ वॉर (हत्याराला जोडलेलं खास कसब) बदलला किंवा अॅफिनिटी (हत्यार कोणत्या स्टॅटवर चालतं ते) कीनवरून हेवी केली तरी हत्याराची लेव्हल तशीच राहते, त्यामुळे त्या बाबतीत घाबरायचं कारण नाही.

सुरुवातीला स्वतःची लेव्हल वाढवायची की हत्यार, असाही प्रश्न येतो. डेक्स्टेरिटी एकाने वाढवली तर त्या काळात अटॅक एक-दोनने वाढतो. हत्याराची एक लेव्हल त्याच्या कितीतरी पट देते. म्हणून रून्स (गेममधलं चलन) व्हिगरमध्ये, म्हणजे जीव वाढवणाऱ्या स्टॅटमध्ये घाला, हत्याराची गरज भागेल एवढंच स्ट्रेंग्थ-डेक्स ठेवा आणि डॅमेजची जबाबदारी दगडांवर सोपवा. आमच्याकडे शेतात खत पीक उभं असताना घालतात, गोदामात राखून ठेवत नाहीत; नंबर १ आणि २ च्या दगडांचं तसंच आहे. मार्गिट या बॉससमोर +० घेऊन जायचं आणि बॅगेत बारा दगड पडून, हे मला पाहवत नाही. कॅले या व्यापाऱ्याच्या शेजारी, चर्च ऑफ एलेहमध्येच ऐरण आहे, तिथे +३ पर्यंत काम होतं. लिमग्रेव्ह टनेल्समध्ये भिंतीत चमकणारे दगड हाताने काढत आत गेलात तरी बहुतेक सोय होते. मार्गिटला निदान +३ घेऊन जा. तुमची सोबतीण मेलिना राउंडटेबल होल्डला, म्हणजे ह्यूग असतो त्या सुरक्षित मुक्कामाला घेऊन गेली की पुढचं सगळं ह्यूगकडे.

आणखी एक लक्षात ठेवा. मेल्यावर रून्स जमिनीवर पडतात, पण दगड बॅगेतच राहतात. त्यामुळे दगड हरवतील या भीतीने घाईत लावायची गरज नाही; मात्र बॉसच्या धुक्याच्या दारासमोर हातात मोठे रून्स असतील, तर आधी परत जाऊन त्यांचे दगड घ्या, ह्यूगची मजुरी द्या आणि मग आत जा.

आता बेल बेअरिंगकडे येतो, कारण सगळं गणित तिथे बदलतं. खाणकामगारांची बेअरिंग राउंडटेबल होल्डमधल्या ट्विन मेडन हस्क्स या दुकानदारणींना दिली की त्या नंबरचे दगड हवे तितके विकत मिळतात. नंबर १ आणि २ चं बेअरिंग लिमग्रेव्हच्या पुढच्या लिउर्निया प्रदेशात, राया लुकारिया अकादमीच्या उत्तरेला असलेल्या राया लुकारिया क्रिस्टल टनेलमध्ये आहे. तिथला बॉस, क्रिस्टलियन, तलवारीला दाद देत नाही. पोइज (वार झेलून उभं राहायची ताकद) फुटेपर्यंत डॅमेज नावापुरताच होतो. स्ट्राइक डॅमेजचं, म्हणजे ठोकणारं एखादं हत्यार न्या. गेटफ्रंट रुइन्समधल्या गाडीच्या पेटीतला फ्लेलही चालतो. त्याचं अंग एकदा तडकलं की मग तुमची तलवारही चालते. लिउर्नियात पाय ठेवल्यावर पहिलं काम हेच करा, अकादमीच्याही आधी. त्यानंतर नंबर १ आणि २ चे दगड राखायचे नाहीत. जे हत्यार आवडेल ते +६ करून बघा. हीच वेळ आहे प्रयोगांची.

दोन्ही हातांत दोन उचिगाताना घेणाऱ्यांसाठीही हाच मुहूर्त. दुसरी उचिगाताना डेथटच्ड कॅटाकोम्ब्समध्ये मिळते, पण दोन तलवारी म्हणजे प्रत्येक नंबरचे २४ दगड. पहिलं बेअरिंग मिळण्याआधी दोन्ही एकत्र वाढवायला गेलात तर दोन्ही अर्ध्यावर राहतात. आधी एक पूर्ण न्या, दुसरी मागून येऊ द्या.

नंबर ३-४ चं बेअरिंग लेंडेलच्या बाहेरच्या सील्ड टनेलमध्ये, ५-६ चं माउंटनटॉप्सच्या झामोर रुइन्समध्ये, ७-८ चं क्रम्बलिंग फारम अझुलात. यावरून एक सोपा नियम मी भाच्याला दिलाय: तुम्ही ज्या प्रदेशात आहात, त्याच्या पुढच्या बेअरिंगचे दगड फक्त मुख्य हत्याराला लावा आणि मागच्या बेअरिंगचे दगड मनसोक्त खर्च करा. आल्टसमध्ये असताना नंबर ५ चे दगड दुसऱ्या भाल्याला लावू नका. नंबर १ चे लावले तर काही बिघडत नाही.

सॉम्बर हत्यारांचं, म्हणजे ज्यांना सॉम्बर स्मिथिंग स्टोन लागतात त्या खास हत्यारांचं गणित वेगळं आणि फार सोपं आहे. मूनव्हेल किंवा ब्लडहाउंड्स फँगसारखं हत्यार +१० पर्यंतच जातं आणि प्रत्येक लेव्हलला सॉम्बर दगड एकच लागतो, नंबर १ पासून ९ पर्यंत. बेस अटॅकमधली एकूण वाढ मात्र साध्याइतकीच, सुमारे अडीचपट. म्हणजे सॉम्बरचा एक दगड साध्या हत्याराच्या अडीच लेव्हलचं काम करतो. म्हणून सॉम्बर दगड मिळाला आणि ते हत्यार तुम्ही खरंच वापरत असाल, तर बॅगेत ठेवू नका. अडचण येते ती मधला एखादा नंबर सापडला नाही की. नंबर ६ आणि ७ हातात आहेत, ५ नाही, आणि हत्यार +४ वर अडलंय. तेव्हा वरचे दगड दुसऱ्या हत्यारावर उडवू नका; मधला सापडला की एकाच बैठकीत तीन लेव्हल चढतात.

सॉम्बरचं पहिलं बेअरिंग केलिडच्या सेलिया क्रिस्टल टनेलमध्ये फॉलिंगस्टार बीस्टकडे आहे. ड्रॅगन-बर्न्ट रुइन्सच्या तळघरातली पेटी उघडून नवे खेळाडू जिथे जाऊन पडतात, ती हीच खाण. तिथे पोचलात तर नुसते पळत बाहेर येऊ नका. वाटेतले दगड गोळा करा, जागा लक्षात ठेवा आणि ताकद आल्यावर परत जा. त्यापुढचं, सॉम्बर ३-४ चं, आल्टस टनेलमध्ये दोन क्रिस्टलियनकडे आहे.

काही ठिकाणी दगड मुळीच लागत नाहीत हेही माहीत असावं. जादूगारांना केलिडच्या स्ट्रीट ऑफ सेजेस रुइन्समध्ये मीटिओराइट स्टाफ मिळतो. तो अपग्रेडच होत नाही, पण इंटेलिजन्सचं त्याचं स्केलिंग (स्टॅटबरोबर वाढणारी ताकद) सुरुवातीपासून एस, म्हणजे सर्वांत वरच्या दर्जाचं असतं. तो हातात असताना साध्या काठीवर दगड घालू नका, ते तलवारीला किंवा पुढच्या कायमच्या काठीला जाऊ द्या. रक्तस्रावासाठी नुसतं दुसऱ्या हातात धरलेलं हत्यारही कमी लेव्हलवर चालतं, कारण ब्लीड फुटतं तेव्हाचं डॅमेज शत्रूच्या एकूण एचपीवर ठरतं, तुमच्या +किती वर नाही. आर्केन या स्टॅटवर चालणारं हत्यार असेल तर मात्र त्यालाही दगड द्या, तिथे अपग्रेडने ब्लीडचा बिल्डअपही (दर वारागणिक साठत जाणारा रक्तस्राव) वाढतो.

राहता राहिला एन्शंट ड्रॅगनचा दगड. तो साधा आणि सॉम्बर असा दोन प्रकारचा आहे, दोन्ही मोजकेच मिळतात आणि ट्विन मेडन हस्क्सकडे खाणकामगारांचं कोणतंही बेअरिंग देऊन ते मिळत नाहीत. इथे मी सावकाश जायला सांगतो. +२४ ची उचिगाताना +२५ केली तर बेस अटॅक सुमारे २७५ वरून २८१ होतो, जेमतेम अडीच टक्के. या अडीच टक्क्यांसाठी घाई करू नका. सॉम्बर हत्यार +९ वरून +१० केलं की वाढ साधारण सहा टक्के होते, म्हणजे सॉम्बरचा एन्शंट दगड लावण्यात जास्त हशील आहे. लाटेना या पात्राची गोष्ट शेवटपर्यंत नेली की एक सॉम्बर एन्शंट मिळतो. कॉन्सेक्रेटेड स्नोफील्डपर्यंत पोचणार असाल तर तिला वाटेत सोडू नका. माझा नियम असा: ज्या हत्याराने मलेनिया या अवघड बॉसच्या दारात उभं राहायचं, त्यालाच पहिला एन्शंट दगड. बाकीची +२४ आणि +९ वर खुशाल थांबू द्या.

ऑनलाइन खेळणार असाल तर दगड राखायचं एक खरंखुरं कारण आहे. कुणाबरोबर जोडी जमेल आणि कोण चाल करून येईल हे तुमच्या लेव्हलसोबत हत्याराच्या लेव्हलवरही ठरतं, आणि गेम धरतो ते तुमच्याकडे आजवर आलेलं सर्वांत वरचं हत्यार. ते पेटीत टाकलं किंवा विकलं तरी मोजलं जातं. लेव्हल ३० चं कॅरेक्टर आणि एक सॉम्बर हत्यार +८ केलं, तर गेम तुम्हाला +२० वाल्यांच्या रांगेत बसवतो. लिमग्रेव्हमधल्या मित्राला मदत करायची असेल तर त्या कॅरेक्टरला +३ वर थांबवा, किंवा दोघांनी एकच मल्टिप्लेअर पासवर्ड टाका. मग ही अट सैल होते आणि वरच्या खेळाडूची ताकद आपोआप खाली आणली जाते. मी आणि भाचा पासवर्डवरच खेळतो, त्यामुळे त्याला त्याचे सहा दगड निश्चिंतपणे लावता येतात.